कोल्ड स्टोअरची कडी

मी पावणेदोन वर्षं इंग्लंडच्या तुरुंगात काढली. आमच्या विहारातल्या लोकांना हे माहीत आहे, पण माझ्यासमोर कोणी तो शब्द काढत नाही. "तुम्ही नव्हतात तेव्हा" असं म्हणतात. नव्हतो म्हणजे काय, मी मजेत फिरायला गेलो नव्हतो. आत होतो. माझं शिक्षण सातवीपर्यंत, तेही धड नाही, त्यामुळे लिहिण्यात चुका असतील. बायको असती तर तिने वाचून दुरुस्त केलं असतं. ती गेली, आणि ती कशी गेली ते सांगायचं तर तुरुंगाचंही सांगावं लागतं.

आधी गुन्हा सांगतो. कॉव्हेंट्रीत मी चोवीस वर्षं फाउंड्रीत काम केलं. ती बंद पडली तेव्हा ब्रेडची व्हॅन चालवायला लागलो. अडुसष्टाव्या वर्षी एका सकाळी झेब्रा क्रॉसिंगवर मी एका म्हाताऱ्या बाईला उडवलं. डोळा लागला होता. दारू नाही, फोन नाही, नुसती झोप. आदल्या दिवशी दुसऱ्याची पाळी मीच मागून घेतली होती. बाई जागेवरच गेली. कोर्टात तिचा मुलगा समोर बसायचा. त्याने मला एकदाही शिवी दिली नाही. साडेतीन वर्षांची शिक्षा झाली, त्यातली निम्मी आत काढायची. मला ती जास्त वाटली नाही.

पहिले पाच महिने बंद तुरुंगात गेले. मग वय बघून आणि वागणूक बघून त्यांनी मला शेतीच्या तुरुंगात पाठवलं. याला इथे ओपन प्रिझन म्हणतात. भिंत नाही, सपाट रान, वारा सुटला की कानशिलं दुखायची. कैद्यांनी कोबी, कांदे, लीक काढायचे, धुवायचे, क्रेटमध्ये भरायचे. लीक म्हणजे गाठ न धरलेला कांदा. माझं गाव बार्शीकडचं, लहानपण कांद्याच्या वाफ्यात गेलेलं, लोकांच्या वाफ्यात, आमचा नव्हता. त्यामुळे तिथे गेल्यावर पहिल्याच आठवड्यात मी शेतीच्या ऑफिसरला सांगितलं की कांद्याची पात ओली असताना कापताय, हे सगळे सडणार. मोडक्या इंग्रजीत सांगितलं. तो बरा माणूस होता. त्याने ऐकलं, कांदे वाळत घातले, ते सडले नाहीत. महिन्याभरात त्याने माझ्या दंडाला लाल पट्टी बांधली.

लाल पट्टी म्हणजे भरवशाचा कैदी. एवढ्या मोठ्या रानात ऑफिसर दोन, कैदी चाळीसच्या आसपास. मग कैद्यांवर लक्ष कैद्यानेच ठेवायचं. कोणाला कोणत्या सरीत लावायचं, चाकू कोणाला द्यायचे, संध्याकाळी ते परत घेऊन फळीवर टांगायचे, हे सगळं माझ्याकडे. फळीवर प्रत्येक हत्याराची काळी आकृती रंगवलेली. आकृती रिकामी दिसली की चाकू हरवला. माणसांसाठी अशी फळी नव्हती.

तिथल्या लायब्ररीत शंभरेक वर्षांपूर्वीचा एक फोटो होता. कैदी वाकून बीट काढतायत आणि एक जण हातात काठी घेऊन उभा आहे. मला वाटलं, तो शिपाई. लायब्ररीतल्या बाई म्हणाल्या, नाही, तोही कैदीच, तेव्हा अशाच कैद्यांच्या हातात बाकीचे दिलेले असायचे आणि ते फार मारायचे. आता तसं नसतं, असंही म्हणाल्या. मी मान हलवली.

पट्टी मिळाली तेव्हा मला अभिमान वाटला, खोटं कशाला बोलू. भेटीच्या दिवशी बायकोला दंड दाखवला. तिला तेव्हा पोटाचं दुखणं सुरू झालं होतं, नाव कळलं नव्हतं. ती म्हणाली, "मुकादम झालात म्हणा की." तिचा बाप कॅनॉलच्या कामावर मुकादमाच्या हाताखाली होता, त्याच्या पाठीचे वळ तिने पाहिलेले. ती हसली, मी पण हसलो, मग ती म्हणाली, "कोणाला मारू नका म्हणजे झालं." मी म्हटलं, मी कशाला मारतोय.

मी मारलं नाही. मारणारा दुसराच होता. लाल दाढीचा, तीस-पस्तिशीचा, कामाला वाघ. त्याच्या दोन्ही बाजूंना दोन माणसं कायम असायची, जेवताना, धुताना, कुठेही. मला तो पॉप्स म्हणायचा, म्हणजे म्हातारबा. "ऑलराइट, पॉप्स?" करत स्वतःच्या बिस्किटातलं एक माझ्या पुढ्यात टाकायचा. मला खटकायचं, पण मी खायचो. त्या तिघांनी एकाला धरलं होतं. तो चाळिशीचा, जाडा, जाड काचांचा चष्मा, बोलताना अडखळायचा. आधीच्या तुरुंगात त्याने कोणाचं तरी नाव साहेबाला सांगितलं होतं म्हणे. खरं की खोटं कोणी विचारलं नाही. चुगलखोर हा शिक्का तुरुंगात एकदा बसला की खुनी माणूससुद्धा तुमच्यापेक्षा वरचा.

सुरुवात लहान होती. त्याच्या गमबुटात मुतून ठेवायचे. त्यांच्या वाटणीचे लीक त्याच्याकडून कापून घ्यायचे. लीक धुवायची पाण्याची मोठी टाकी होती, तीत एकदा त्याचं डोकं बुडवलं आणि वर काढून विचारलं, बटाटा स्वच्छ झाला का. मी पाहिलं. मी काय केलं, तर दुसऱ्या दिवशी त्याला लांबच्या सरीत लावलं. संध्याकाळपर्यंत ते तिघे जागा बदलून त्याच सरीत. मी परत हलवलं, ते परत गेले. मग मी हलवणं बंद केलं. ऑफिसरने विचारलं की पॅकिंग शेडमध्ये सगळं ठीक ना, तर मी म्हणायचो, ठीक. त्याला ठीकच ऐकायचं होतं.

तोवर बायकोच्या दुखण्याला नाव मिळालं. स्वादुपिंडाचा कॅन्सर, पसरलेला. पोरीने फोनवर सांगितलं. डॉक्टर महिन्यांत बोलत होते, वर्षांत नाही. मी दिवसाच्या रजेसाठी अर्ज केला. ओपन प्रिझनमध्ये ती सोय आहे. सकाळी सुटायचं, संध्याकाळी परत यायचं, वागणुकीवर एकही डाग नको. लाल पट्टीमुळे अर्ज पटकन पास झाला. दर शनिवारी घरी जायची परवानगी. पहिला शनिवार ठरला.

त्याच आठवड्यातला बुधवार. दुपारची जेवणं झाली होती, मी फळीवरचे चाकू मोजत होतो. चाकू पुरे होते, एक माणूस कमी होता. शेडच्या टोकाला कोल्ड स्टोअर, भाजी ठेवायची थंड खोली, बाहेरून लोखंडी कडी. कडीला पाठ टेकवून लाल दाढीवाला उभा. आतून थाप ऐकू येत होती. जोरात नाही. कोणी सवयीने दार वाजवावं तशी.

मी जवळ गेलो. त्याने मला आवाज न चढवता विचारलं, पॉप्स, शनिवारी घरी चाललास ना, बायको आजारी आहे ना तुझी. त्याला कसं कळलं कोण जाणे, तिथे सगळ्यांचं सगळ्यांना कळतं. मग म्हणाला, "जा, चहा घे. गार होईल."

मी गेलो. चहा केला, बाकावर बसलो, सगळा प्यायलो. वीस मिनिटं झाली असतील, जास्तही. परत आलो तेव्हा दारापुढे कोणी नव्हतं आणि आवाजही नव्हता. कडी मी काढली.

तो कोबीच्या क्रेटमागे बसलेला. आत कोंडायच्या आधी त्याला क्रेटच्या फळीने मारलं होतं. मनगट उलट्या बाजूला वळलेलं. चष्मा नव्हता, पँट ओली, ओठांचा रंग गेलेला. मी माझं जाकीट त्याच्या अंगावर टाकलं तर तो हात वर करून तोंड झाकायला लागला. त्याला वाटलं, मीही मारणार.

ऑफिसर धावत आला. विचारलं, काय झालं. तो जाडा काही बोलला नाही. मी बोललो. म्हटलं, साहेब, ही कडी खराब आहे, आपोआप पडते, हा आत अडकला आणि घाबरून क्रेटवर पडला. ऑफिसरने माझ्याकडे पाहिलं, मग लिहून घेतलं. गुरुवारी एक मिस्त्री आला आणि चांगली कडी काढून नवी बसवून गेला.

शनिवारी पोरगी गाडी घेऊन आली. दोन तासांचा रस्ता. घरी पुढच्या खोलीत बायकोची खाट टाकलेली. तिचा चेहरा इतका उतरला होता की मी आधी पडद्यांकडे बघितलं, नवे पडदे का, असं काहीतरी विचारलं. पोरीने वरण-भात केला होता. बायको म्हणाली, जेवायच्या आधी वंदना घेऊ, किती महिने झाले आपण दोघांनी मिळून घेतली नाही. आमच्या घरात हे रोजचं. तिने आयुष्यभर विहारात पोरांना पंचशील शिकवलं, हिंसा करणार नाही, चोरी करणार नाही, असे पाच नेम. बुद्धाच्या मूर्तीपुढे मेणबत्ती लावली. ती आडवी पडून हात जोडून म्हणायला लागली, मी तिच्या मागोमाग.

चौथा नेम खोटं न बोलण्याचा. ती म्हणाली. माझा आवाज निघाला नाही. पाचवा मी मोठ्याने म्हटला.

वंदना संपली. पोरगी ताटं आणायला आत गेली. बायकोने डोळे उघडले आणि विचारलं, "चौथं का गिळलंत?"

चाळीस वर्षं पोरांचे आवाज ऐकलेली बाई, तिच्यापुढे कसलं लपतंय. मी सांगितलं. बुटातलं, टाकीतलं, कडीचं, सगळं. माझं संपल्यावर तिने एकच विचारलं.

"चहा सगळा प्यालात?"

"हो."

"साखर घातली होती?"

दोन चमचे घातली होती.

मग ती म्हणाली, सोमवारी जाऊन खरं सांगा. मी म्हटलं, अगं, तुला काही कळतं का, खरं सांगितलं तर मी आधी खोटं बोललो हे बाहेर येईल, पट्टी जाईल, ते लोक मला सोडणार नाहीत, मला परत बंद तुरुंगात टाकतील, तिथे शनिवार नसतो. ती म्हणाली, असं होईल हे मला कळतं. मी म्हटलं, मग? तू मरायला लागलीयेस आणि मी कुठल्या अनोळखी गोऱ्यासाठी...

"मी तशीही मरणार," ती म्हणाली. "तुम्ही दर शनिवारी माझ्या उशाशी बसून हेच गिळत राहणार का? मला ते बघत मरायचं नाही."

मला राग आला. खूप आला. म्हटलं, तुझं शील सांभाळायला माझा जीव घाल. ती भिंतीकडे तोंड करून पडली. मी भात अर्धा टाकला. निघताना तिने हात पुढे केला, मी धरला, पण घट्ट नाही. परत जाताना पोरगी गाडीत रडत होती आणि मी खिडकीतून बाहेर बघत होतो.

सोमवारी मी बोललो नाही. मंगळवारी नाही, बुधवारी नाही. मी शूर माणूस नाही. मनाशी हिशोब जुळवत होतो की शनिवार पार पडू दे, मग बघू, मग त्याच्या पुढचा. गुरुवारी तो जाडा हाताला प्लास्टर घालून दवाखान्यातून कामावर परत आला. ऑफिसरने त्याला माझ्यापुढे उभं केलं आणि म्हणाला, हलकं काम दे, तुझ्यावर सोपवतो. लाल दाढीवाला समोरच्या बाकावर लीक कापत होता. त्याने हसून जाड्याला बोलावलं, म्हणाला, ये, प्लास्टरवर सही करतो. आणि तो गेला. बोलावलं म्हणून गेला, शाळेतल्या पोरासारखा हात पुढे करून उभा राहिला. लाल दाढीवाल्याने काळ्या पेनाने प्लास्टरवर मोठ्या अक्षरांत तोच शिक्का लिहिला, चुगलखोर, आणि खाली स्वतःचं नाव घातलं. मग पेन माझ्यासमोर धरलं. "पॉप्स, तू पण कर."

मी चाकू ठेवला आणि ट्रॅक्टरच्या शेडकडे चालत गेलो. ऑफिसर तिथे होता. मी म्हटलं, साहेब, कडी चांगली होती. मी खोटं बोललो. एवढं बोलायला मला आठ दिवस लागले.

लाल दाढीवाल्याला त्याच दुपारी गाडीत घालून नेलं. जाड्याला निघायला सांगितलं दुसऱ्या दिवशी, त्याच्याच सुरक्षेसाठी. सामानाची प्लास्टिकची पिशवी धरून तो गेटजवळ थांबला होता. मी त्याला म्हटलं, मी सगळं सांगितलंय. मला काय वाटलं होतं कोण जाणे. आभार नाही, पण काहीतरी. तो अडखळत म्हणाला, इथे माझी आई बसने भेटायला येत होती, आता पाठवतायत तिथे बस जात नाही. मग चष्मा सारखा केला आणि न अडखळता म्हणाला, "बोलायला कोणी सांगितलं होतं? तेव्हा दार उघडायचं होतंस."

त्याचं पुढे काय झालं मला माहीत नाही.

लाल दाढीवाल्याचे ते दोघे तिथेच होते. माझी पट्टी काढली होती, शनिवार रद्द झाला होता, चौकशी संपेपर्यंत. रविवारी सकाळी न्हाणीघरात त्यांनी मला गाठलं. मोज्यात माशाचा पत्र्याचा बंद डबा घालून तो गरगर फिरवून मारतात, तसं मारलं. गळ्याखालचं हाड मोडलं, दोन दात गेले. मी ओरडलो तर शेजारच्या खोलीतली माणसं रेडिओ मोठा करून बसली. त्यांच्यावर मी रागावू शकत नाही. मी चहा प्यायलो होतो.

मला बंद तुरुंगात हलवलं. तिथून मी बायकोला भेटायचा अर्ज केला. अर्ज या टेबलावरून त्या टेबलावर. बरोबर द्यायला ऑफिसर नाहीत, गाडी नाही, डॉक्टरचं पत्र जुनं झालं, नवं आणा. तिला हॉस्पिसमध्ये, शेवटच्या आजाऱ्यांच्या दवाखान्यात, नेलं. फोनवर मी तिला सांगितलं होतं, सांगून टाकलं म्हणून. ती म्हणाली, बरं केलंत. बस, एवढंच. माराचं मी सांगितलं नव्हतं, पण बोलताना हवा जायची, ते तिने ओळखलं. शेवटच्या फोनवर तिने विचारलं, दात बसवून दिले का. म्हटलं, नाही, अर्ज केलाय. ती हसली, हसताना तिला खोकला आला आणि पोरीने फोन घेतला.

गुरुवारची परवानगी आली. बायको मंगळवारी सकाळी गेली. ओपन प्रिझनला असतो तर तोवर माझे सात शनिवार झाले असते.

अंत्यविधीला मला नेलं ते ऑफिसरच्या मनगटाला साखळीने बांधून. आमच्यात पांढरे कपडे घालतात. पोरीने माझा पांढरा शर्ट इस्त्री करून आणला होता. साखळीमुळे एक हात बाहीत गेला, दुसरा जाईना. ऑफिसरला साखळी काढायची परवानगी नव्हती. तो लाजला, म्हणाला, सॉरी. शेवटी पोरीने उरलेला शर्ट माझ्या खांद्यावरून गुंडाळून पिन लावली. विहारातली सगळी माणसं होती. फूल वाहायला मी पुढे गेलो तर ऑफिसरला माझ्याबरोबर वाकावं लागलं. पंचशील सुरू झालं तेव्हा तो टोपी काढून खाली बघत उभा होता. मी पाचही नेम म्हटले.

बाहेर पोरगी माझ्याजवळ आली. तिचा जन्म इथला, मराठी मोडकं, पण त्या दिवशी तिला मराठीतच बोलायचं होतं. "पप्पा, सात आठवडा. फक्त सात आठवडा गप्प बसायचा होता. नंतर सांगायचा." मी तिला म्हटलं नाही की हे तुझ्या आईनेच सांगितलं होतं. मेलेल्या बाईवर कशाला ढकलायचं. ऑफिसर घड्याळ बघत होता. मी गाडीत बसलो.

आता सुटून काही वर्षं झाली. पोरगी लांब ईलिंगला राहते, महिन्यातून एका रविवारी येते, फ्रीज बघते, औषधं बघते, जेवतो आम्ही. तुरुंगाचा विषय निघत नाही. मागच्या महिन्यात भांडी पुसता पुसता तिने विचारलं की तुम्ही तेव्हा का बोललात, खरं सांगा. मी म्हटलं, तुझ्या आईने सांगितलं होतं.

ती म्हणाली, "आय नो. मी किचनमध्ये होते. सगळं ऐकला मी."

मी म्हटलं, मग इतकी वर्षं माझ्यावर राग कशाचा?

तिने ताट कपाटात ठेवलं. "त्याचाच. अख्खा लाइफ तुम्ही तिचं काही ऐकला नाही. व्हॅन नका चालवू म्हणाली, ऐकला नाही. दुसऱ्याची शिफ्ट नका घेऊ म्हणाली, ऐकला नाही. आणि ऐकला ते हे."

ती खरं बोलत होती. ऐकलं असतं तर ती म्हातारी बाई क्रॉसिंग ओलांडून घरी गेली असती, आणि मी बायकोजवळ असतो. मी तिला एवढंच म्हटलं की मला ते शनिवार पाहिजे होते. पोरगी म्हणाली, तिला पण पाहिजे होते, पप्पा. ती रोज मला विचारायची, शनिवार कधी आहे. मग तिने फडका दोरीवर टाकला, आणि त्या दिवशी तिची शेवटची ट्रेन चुकेपर्यंत आम्ही दोघं बसून राहिलो.